सहाशे जहाजं आणि एक कालवा

परभणी. गुरुवार, रात्री साडेदहा.

समुद्र मी आयुष्यात दोनदाच पाहिलाय, दोन्ही वेळा मुंबईला बैठकीसाठी गेलो तेव्हा. तरी आज दुपारपासून डोक्यात जहाजंच आहेत. जॉन लेहमनबद्दल वाचत बसलो होतो. ही म्हणाली, "काय वाचायलाव एवढं? चहाचं पाणी झालं."

1981 मध्ये रेगन यांनी लेहमनला अमेरिकेच्या नौदल खात्याचा सचिव नेमलं तेव्हा तो 38 वर्षांचा होता. (आपल्याकडचे सचिव नव्हेत, तिकडे ही राजकीय नेमणूक.) त्या वयात मी दुधनेच्या कालव्यावर मोजमाप पुस्तिका तपासत होतो. गड्यानं 600 जहाजांच्या नौदलाचा ध्यास घेतला आणि 1987 पर्यंत आकडा 594 वर नेला. जपाननं 1945 मध्ये जिच्या डेकवर शरणागती लिहून दिली, ती मिसुरी युद्धनौकासुद्धा 1986 मध्ये पुन्हा सेवेत आली. अणुपाणबुड्यांचे जनक ॲडमिरल रिकोव्हर यांना 82 व्या वर्षी त्यानंच घरी बसवलं. आमच्या खात्यात असल्या म्हाताऱ्याला हात लावायची कुणाची छाती झाली नसती.

मला खरी भावली ती ठेक्याची गोष्ट. दर आधी ठरवायचा, वरचा खर्च वाढला तर ठेकेदारानं सोसायचा. दोन विमानवाहू जहाजांची मागणी एकदमच, म्हणजे भाव पडतो. वाचताना सुप्रमा आठवली, म्हणजे खर्च वाढला की घ्यायची सुधारित प्रशासकीय मान्यता. ती न घेता पुरा झालेला प्रकल्प माझ्या अख्ख्या नोकरीत मी पाहिला नाही.

1987 मध्ये खुर्ची सोडून तो गुंतवणूक बँकेत गेला. पुढं स्वतःच्याच नावाची गुंतवणूक कंपनी काढली. संरक्षण, विमान, जहाज या धंद्यातल्या कंपन्या विकत घेणारी. ज्यांचे भाव पाडायचे, त्यांचाच मालक! कायद्यात बसतही असेल. पण पैसेवाल्यांनी त्याच्यात नेमकं काय पाहिलं? जहाज कसं बांधतात याची जाण, की नौदलात कुणाला फोन लावायचा याची? बहुतेक दोन्ही. त्याचा त्यालाही हिशेब सांगता येणार नाही.

हे सगळं सुचायचं कारण परवाचा माणूस. एक ठेकेदार घरी आला होता. "साहेब, नुसतं सल्लागार म्हणून बसा." पेन्शनपेक्षा जास्त आकडा सांगितला. मला दोन गोष्टी येतात. काळ्या मातीत कालव्याचं अस्तरीकरण का फुटतं आणि खाली न फुगणाऱ्या मातीचा थर किती द्यावा, ही एक. फाईल कोणत्या टेबलावर अडते, ही दुसरी.

संध्याकाळी त्याचा फोन आला. म्हटलं, आधी मातीचा अहवाल पाठवा, मग बोलू.

"अहवाल कशाला साहेब?" म्हणाला, आणि हसला.