रशियन पोरांची इंग्रजी

आज इथे रशियात होस्टेलच्या स्वयंपाकघरात भात लावला होता. शेजारच्या शेगडीशी दोन रशियन मुली गप्पा मारत होत्या. एकीने कायसं सांगितलं, तशी दुसरी म्हणाली, "ती रोफ्लिश?" म्हणजे, तू (रशियनमध्ये 'ती') चेष्टा करतेस का! हसून गडाबडा लोळण्याची इंग्रजी आद्याक्षरं, रोफ्ल. त्यांचं सरळ क्रियापद करून वर 'तू'चा प्रत्ययही लावला. मला हे फार म्हणजे फारच आवडलं.

आपण 'लाइक कर', 'गूगल कर' म्हणतो. 'कर'शिवाय आपलं पान हलत नाही. रशियनला त्या आधाराची गरजच नाही. गूगलित् म्हणजे गूगलवर शोधणं, पगूगलित् म्हणजे जरा शोधून बघणं. लायकात् म्हणजे लाइक करत राहणं, लायकनुत् म्हणजे एकदाच पटकन. 'क्रिंज'चं, म्हणजे बघून आपल्यालाच लाज वाटावी अशा गोष्टीच्या इंग्रजी शब्दाचं, तर क्रिंझ झालं, त्याचं विशेषण झालं, मग लिंग, वचन, विभक्ती सगळं रीतसर. आणि ई-मेलला म्हणे 'मीला', म्हणजे साबण! केवळ कानाला 'मेल'सारखं लागतं म्हणून.

२०२३ मध्ये इथे कायदा झाला: रशियन प्रतिशब्द असेल तिथे सरकारी कामकाजात परका शब्द नको. पण पोरांच्या चॅटिंगला तो लागू नाही. भाषा बिघडली म्हणणाऱ्या मोठ्यांचं दुःख मला कळतं, तरी व्याकरण इतकं धडधाकट असताना काळजी वाटत नाही.

आमच्या मेडिकलच्या रशियन पुस्तकात यातलं काहीच नाही. तरुण पेशंट मात्र असंच बोलणार, म्हणून आजपासून वेगळी वही घातली आहे.