साजरं

पुण्यात नवा होतो तेव्हा इस्त्रीवाल्याला म्हणालो, "कॉलर जरा साजरी करा." त्यानं विचारलं, "वाढदिवस आहे का तिचा?" तेव्हा कळलं, इकडे साजरा होतो तो फक्त सण. आमच्या मराठवाड्यात, कळमनुरीकडं काहीही साजरं असतं. सारवण साजरं, अक्षर साजरं, पोरगीही साजरी.

आजी वाकळ शिवायची. टाका वाकडा गेला की सुईच्या टोकानं उसवून पुन्हा घालायची. मी म्हणायचो, असू दे, कोण बघतंय? "अंगाखाली जानार म्हून काय झालं? साजरी नको का?" लुगडी विटलेली, चिंध्या सतरा घरच्या, पण टाके पेरणीच्या तासासारखे सरळ. साजरं म्हणजे सुंदर खरं, पण तिच्या साजऱ्यात देखणेपणापेक्षा नीटपणा जास्त होता. त्याच वाकळीवर मी दौत सांडली तेव्हा मात्र, "लई साजरं केलंस, बाप्पा!"

लाजतो तो लाजरा, हसतो तो हसरा, बुजतो तो बुजरा. तसा साजतो तो साजरा. जुन्या मराठीतला हा साजिरा, गोजिऱ्याचा सोबती. साजण्याच्या मुळाशी संस्कृतातला सज्ज, म्हणजे तयार. 'अद्य'चं अज्ज होऊन आज झालं, 'कार्य'चं कज्ज होऊन काज. सज्जही त्याच वाटेनं साजापर्यंत आला. वर फारसीतला साज, म्हणजे सरंजाम, येऊन मिसळला. १९४८पर्यंत निजामाच्या राज्यात राहिलेल्या आम्हा लोकांनी असे दोन साज वेगळे करत बसू नये.

पोळ्याच्या बाजारात बैलाचा साज मिळतो: झूल, घुंगरमाळ, गोंडे. पण साज नंतरचा. आदल्या दिवशी खांदमळणी. जुवानं घट्टे पडलेल्या खांद्यावर हळद-तूप चोळायचं. सणाच्या सकाळी ओढ्यात घासून धुवायचं, शिंगं रंगवायची, मग झूल. आमच्या ढवळ्याची झूल आजी चारदा ओढून सारखी करायची. एका वर्षी सगळं झालं, मिरवणुकीला निघायचं, आणि ढवळ्या फतकल मारून ओल्या शेणात बसला.

आजीनं त्याच्याकडं पाहिलं, मग आमच्याकडं.

"झाला साजरा. चला आता."