जवळा म्हणजे कोलंबीची पिल्लं नव्हेत

‘जवळा म्हणजे कोलंबीची पिल्लंच ना?’ सुक्या मासळीच्या टोपलीपुढे उभं राहिलं की हा प्रश्न येतोच, आणि त्याच्या पाठोपाठ दुसरा: ‘मग सुकट म्हणजे काय?’ तुम्ही दोन्ही एका दमात विचारलेत, म्हणून उत्तरही एकत्र. पहिल्याचं सोपं आहे. नाही. जवळा कितीही वाढला तरी त्याची कोलंबी होत नाही. दोन-अडीच सेंटिमीटरचा जवळा हा वयात आलेला, अंडी घालणारा जीव असतो. फार तर चार सेंटिमीटरपर्यंत वाढतो आणि वर्षभराच्या आत संपतो. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मात्र तुम्ही किनाऱ्याच्या कुठल्या टोकाला उभे आहात त्यावर ठरतं.

शास्त्रात या प्रजातीला असेटिस म्हणतात. आंरी मिल्न-एदवार या फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञाने १८३० साली तिचं वर्णन केलं. आपल्याकडे ढिगाने येतो तो मुख्यतः असेटिस इंडिकस. कोलंबीशी नातं आहे, पण दूरचं, कूळ निराळं. पडताळून पाहायचं असेल तर ताजा जवळा पांढऱ्या बशीत थोड्या पाण्यात सोडा आणि शेजारी तेवढीच लहान कोलंबी ठेवा. कोलंबीला चालायच्या पायांच्या पाच जोड्या असतात, जवळ्याला तीनच. मागच्या दोन जोड्या नसतातच. कोलंबीच्या डोक्यावर करवतीसारखी दातेरी चोच पुढे आलेली असते, जवळ्याची चोच इतकी आखूड की भिंगाशिवाय कळत नाही. मिश्या मात्र अंगापेक्षा लांब. शेपटीच्या पंख्याच्या मुळाशी लाल ठिपका दिसला की शंका उरत नाही. हल्ली काहीजण त्याला ‘आपल्याकडचा क्रिल’ म्हणतात, तेही बरोबर नाही. क्रिल हा कोलंबीसारखा दिसणारा वेगळाच समुद्री जीव; त्याचे कल्ले उघडे, पायांच्या बुडाशी लोंबत असतात. जवळ्याचे कवचाखाली झाकलेले.

एक युक्तिवाद नेहमी ऐकू येतो: पोटाखाली अंडी दिसत नाहीत, म्हणजे पिल्लंच असणार. पण समुद्रातली मोठी कोलंबीही अंडी पोटाखाली बाळगत नाही, सरळ पाण्यात सोडते. जवळाही तसाच. करंदीच्या वाट्यात पोटाला अंडी चिकटलेल्या दिसतात त्या तिसऱ्याच कुळातल्या. करंदी हे मुळी एका जातीचं नाव नव्हे. जवळ्याहून मोठी आणि सोलून कोलंबी म्हणून विकण्याएवढी नाही, अशा बऱ्याच जातींना मिळून ते नाव आहे.

आता खरं बोलायचं तर पिल्लांची काळजी अगदीच अनाठायी नाही. पालघर ते रायगड पट्ट्यात जवळा येतो तो डोलीत. डोल म्हणजे लांबलचक पिशवीसारखं जाळं. तोंड प्रवाहाकडे करून ते खुंटांना बांधतात, आणि भरती-ओहोटीचं पाणी मासळी आत ढकलतं. जाळं कोणी ओढत नाही, पाणीच काम करतं. म्हणून डोलीची कमाई उधाणाला, अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीला. भांगाला, म्हणजे अष्टमीच्या सुमारास, पाण्याला ओढ नसते, जाळं नीट फुगत नाही. तोंडाशी आस, म्हणजे जाळ्याची भोकं, मोठे असतात, पण खोल्यात, म्हणजे पिशवीच्या बंद टोकाला, ते इतके बारीक की जवळ्याबरोबर लहान मासे आणि कोलंबीची खरीखुरी पिल्लंही अडकतात. तेव्हा जवळा ही पिल्लं नव्हेत, पण जवळ्याच्या जाळ्यात पिल्लं येतात. दोन्ही वाक्यं खरी आहेत, आणि लोक बहुधा त्यातलं एकच धरून भांडतात. बोंबलाला या भांडणाशी देणंघेणं नाही. त्याचं पोट चिरलं की आत जवळाच निघतो.

शब्दाचं वागणंही बघण्यासारखं आहे. कोलंबी एक, दोन, डझन अशी मोजता येते. जवळा मोजत नाहीत. ‘जवळा आला’, ‘जवळ्याचा वाटा’, ‘जवळ्याची चटणी’: सगळं एकवचनी, तांदूळ-साखरेसारखं. ‘चार जवळे द्या’ म्हटलंत की टोपलीमागची मावशी तुमच्याकडे एकदा निरखून बघणार. सोडे मात्र नेहमी अनेकवचनी: ते सोललेल्या कोलंबीचे, वाळवलेले. ‘सुकट’ हे जातीचं नाव नव्हेच, अवस्थेचं आहे; सुकवलेली बारीक मासळी. कुठे सुका जवळा म्हणजे सुकट, कुठे सुकी करंदी म्हणजे सुकट आणि जवळा वेगळा. मुंबईच्या बाजारात मोठ्या सुकटीला अंबाडही म्हणतात. खाली मालवणकडे कोलंबीची सुंगटां होतात आणि गोव्यात सुक्या जवळ्याचा गालमो. त्यामुळे मागताना नुसतं ‘सुकट द्या’ म्हणू नये. बोट दाखवून ‘हा जवळा’ म्हणावं आणि मुठीत घेऊन बघावं.

मुठीत काय बघायचं? हलका दाबून सोडला की चांगला सुका जवळा खुळखुळत मोकळा होतो. दमट असेल तर गोळा धरतो. रंग फिकट गुलाबीसर पांढरा, डोळ्यांचे काळे ठिपके स्पष्ट. पिवळट पडला असेल तर जुना. नाकाला झोंबणारा, अमोनियासारखा वास आला तर वाळवायच्या आधीच तो नासला होता. मूठभर कागदावर टाकून कागद हलवा: खाली किती रेव राहते ते दिसेल. रेव येते ती खळ्यातून, म्हणजे मासळी वाळवायच्या जागेतून. जमिनीवर वाळवलेल्यात जास्त, सिमेंटच्या ओट्यावर कमी, उंचावर ताणलेल्या जाळीवर जवळजवळ नाही. जाळीवरच्या मालाला दोन पैसे जास्त द्यायला हरकत नाही. निवडायचा वेळ वाचतो.

जवळा इतक्या घाईने का वाळवतात, हेही यातच आलं. माशाचं पोट काढून टाकता येतं, जवळ्याचं नाही. पोटातले पाचकरस मेल्यानंतर त्याचंच मांस विरघळवायला लागतात. ताजा जवळा जवळपास पारदर्शक असतो. मग पांढरट होतो, डोकं लाल पडतं आणि अंगापासून सुटायला लागतं. म्हणून आल्या दिवशीच खळ्यावर, बहुधा मीठही न लावता, पातळ पसरतात. थर जाड झाला की वरचा वाळतो आणि खालचा आपल्याच वाफेत शिजून कुजतो. कडक उन्हात एक दिवस पुरतो, मळभ असेल तर दोन. चार-पाच किलो ओल्याचा जेमतेम एक किलो सुका होतो, कारण उरलेलं सगळं पाणीच.

स्वयंपाकात बहुतेकांचं चुकतं ते क्रमात. जवळा आधी धुवून मग भाजायला घेतात. तो कढईला चिकटतो आणि मिश्या तशाच राहतात. आधी भाजा. एक वाटी सुका जवळा कोरड्या कढईत मंद आचेवर तीन-चार मिनिटं, बोटांत धरल्यावर कुरकुरीत मोडेपर्यंत. त्यापुढे गेलात तर कडवट लागतो. गार झाला की तळहातांवर हलका चोळा आणि सुपात पाखडा. मिश्या, पाय, भुसा उडून जातो. मग मोठ्या पातेल्यात पाणी घेऊन त्यात सोडा, एकदा ढवळा आणि लगेच हाताने वरचेवर उचलून घ्या. पातेलं चाळणीत ओतू नका, नाहीतर खाली बसलेली रेव पुन्हा जवळ्यातच येईल. असं दोन-तीनदा. भिजत ठेवायचा नाही, लगदा होतो.

दोन पळ्या तेलात पाच-सहा ठेचलेल्या लसूण पाकळ्या, दोन मोठे कांदे गुलाबी होईपर्यंत, पाव चमचा हळद, दीड चमचा मसाला, मग पिळून घेतलेला जवळा. तीन-चार आमसुलं, पाव वाटी पाणी, झाकण ठेवून पाच मिनिटं. मीठ सगळ्यात शेवटी आणि चाखून, कारण समुद्राचं मीठ त्यात आधीच असतं. आमसुलांच्या जागी कैरीच्या फोडी घातल्या तर आणखी उत्तम. किसमूर, म्हणजे सुक्या मासळीची कोशिंबीर, करायचं असेल तर धुवायचाच नाही, म्हणून त्याला जाळीवरचा, बिनरेवेचा जवळा हवा. भाजून चुरायचा, ओलं खोबरं, कच्चा कांदा, मिरची आणि आंबटाबरोबर पानावर बसताना कालवायचा. दहा मिनिटं आधी कालवलात तर मऊ पडलाच.

ओल्या जवळ्याचे वडे फुटतात त्याचं कारणही पाणीच. रोवळीत धुतल्यावर मुठीत घट्ट पिळा, आणि कांदा, तांदळाचं पीठ नि मीठ तेल तापल्यावरच मिसळा. मीठ आधी पडलं की कांदा आणि जवळा दोन्ही पाणी सोडतात, मग पीठ वाढवत बसावं लागतं आणि शेवटी पिठाचेच वडे खायचे.

ज्यांना कोलंबी किंवा कुर्ल्यांनी (खेकड्यांनी) अंगावर पित्त उठतं, घसा धरतो, त्यांनी ‘हा एवढासा, त्यातही भाजलेला’ म्हणून जवळा खाऊ नये. त्रास देणारं प्रथिन तेच आहे आणि ते भाजल्याने किंवा वाळवल्याने जात नाही.

पावसाळ्यासाठी साठवायचा असेल तर मे महिन्यातच पुन्हा एक ऊन द्या आणि पूर्ण गार झाल्यावर कोरड्या, घट्ट झाकणाच्या डब्यात भरा. गरम भरलात तर झाकणाखाली दव धरतं आणि पंधरवड्यात बुरशी येते. मोठ्या डब्यापेक्षा दोन-तीन लहान डबे बरे. सतत उघडला जाणारा एकच डबा दमट होतो, बाकीचे गणपतीपर्यंत खुळखुळत राहतात.