आमची वाटचाल: टेपच्या बेल्टपासून लॉसलेसपर्यंत

म्हापशाच्या बाजारात वडिलांनी दुकान थाटले ते रेडिओ-टेप दुरुस्तीचे. हणजूणकडची गोरी मंडळी बिघडलेले टेप घेऊन यायची. हेड पुसायचे, बेल्ट बदलायचा आणि टेप नीट चालतो का ते बघायला त्यांचीच कॅसेट लावायची. वडील देवळात भजनाला पेटीवर बसत. डीप पर्पल या इंग्लिश रॉक बँडचे नाव त्यांच्या तोंडी कधी बसले नाही, पण त्यातल्या जॉन लॉर्डचा ऑर्गन लागला की हातातला स्क्रू ड्रायव्हर थांबे. "हा पेटीवाला तयारीचा आहे," म्हणत.

एमपीथ्री आले आणि दुरुस्ती बसली. मधली काही वर्षे मोबाइलची कव्हरे विकून काढली, त्याबद्दल न बोललेले बरे.

पुढे जुनी गिऱ्हाईके आपापल्या सीडी आणि एलपी घेऊन येऊ लागली. आपल्याकडच्या पावसात एलपीला बुरशी धरतेच. ती धुऊन, वाजवून फ्लॅक फाइलमध्ये उतरवून देणे हे आता आमचे मुख्य काम. सीडीवर सेकंदाला 1,411 किलोबिट असतात, एमपीथ्रीत फार तर 320. बाकीचे कायमचे गाळले जाते. फ्लॅक लॉसलेस, म्हणजे काहीच न गाळणारे. जणू साडीची घडी: जागा कमी लागते, उलगडली की काठापदरासकट तीच साडी.

तरीही गिऱ्हाइकाला मी आधीच सांगतो, चांगल्या 320 आणि फ्लॅकमधला फरक बहुतेकांच्या कानाला कळत नाही. धंद्याला हे बरे नाही, मुलगा चिडतो. पण 128 किलोबिटच्या एमपीथ्री फाइलवर लेड झेपेलिन या रॉक बँडचे 1971चे 'व्हेन द लेव्ही ब्रेक्स' लावा. इंग्लंडमधल्या हेडली ग्रेंज या जुन्या घरात जिन्याखालच्या दालनात ड्रम मांडून माइक वर जिन्यात टांगले होते. ती घुमणारी हवा आणि झांजेचे विरत जाणे, दोन्ही चिखल होते.

त्याहून मोठा घोळ रीमास्टरचा. नव्वदीनंतर कित्येक जुने अल्बम आवाज चढवून पुन्हा काढले, हळू आणि जोरकस यांतले अंतरच दाबून टाकले. ते फ्लॅकमध्ये घेतले तर दाबलेलेच इमानाने जपले जाते. म्हणून जुनी सीडी टाकू नका. आणि लॉसलेसचे पैसे भरून गाणे साध्या ब्लूटूथवर ऐकणार असाल तर वाटेत ते पुन्हा पिळले जाते. त्यापेक्षा वायर घ्या, स्वस्त पडते. घरी स्पीकर लावायला जातो तेव्हा आधी लादीवर जाजम टाकायला लावतो. उघड्या भिंतींच्या खोलीत महागडा ॲम्प्लिफायरही खणखणतो.

भजनी घरातले तुम्ही, रॉकच्या नादी कसे, असे विचारणारे भेटतात. 1977 साली व्हॉयेजर यानांबरोबर जी तबकडी गेली, तीवर आमच्या गोव्यातल्या केरीच्या गायिका केसरबाई केरकर आहेत आणि रॉकवाला चक बेरीही आहे. नासाला चालले, तर म्हापशाला का नको?

गणेशचवथीच्या आधी घुमट-आरतीवाल्यांच्या मायकांची गर्दी असते, तेव्हा उतरवण्याची कामे घेत नाही. एलपी पावसाआधी आणून द्याव्यात, कव्हरसकट.