गुऱ्हाळावर बंद पडलेले चार्जिंग : माझा अनुभव

मी कोल्हापूरच्या शिवाजी पेठेत राहतो. पण उसाचा हंगाम सुरू झाला की माझे निम्मे दिवस करवीर तालुक्यातील आमच्या गावी, गुऱ्हाळघरावर जातात. गूळ बनवणारा गुळव्या रस उकळणाऱ्या काहिलीकडे, म्हणजे मोठ्या कढईकडे, पाहतो, जाळ सांभाळणारा जळव्या चुलवाणात चिपाड (रस काढलेल्या उसाचा चोथा) घालत राहतो आणि मी शेजारच्या खोलीत बसून वजने, मजुरी आणि कोल्हापूरच्या शाहू मार्केट यार्डातून येणाऱ्या पट्ट्या, म्हणजे गूळविक्रीच्या हिशेबाच्या पावत्या, सांभाळतो. ज्यांचा ऊस आमच्याकडे येतो, त्या शेतकऱ्यांचे पैसे या हिशेबावर अवलंबून असतात आणि गेल्या काही वर्षांत हा सगळा हिशेब माझ्या मोबाइलमध्ये गेला आहे. त्यामुळे डिसेंबरातील एका रात्री घरी येऊन मोबाइल चार्जिंगला लावला आणि बॅटरीचे चिन्ह हललेच नाही, तेव्हा मला जी धास्ती वाटली ती निव्वळ एका वस्तूबद्दलची नव्हती.

त्या वेळी ११ टक्के चार्ज शिल्लक होता. मी पहिल्यांदा केलेली गोष्ट आजही मला योग्य वाटते : दुरुस्तीच्या मागे न लागता त्या आठवड्याच्या सर्व पट्ट्यांचे फोटो आणि हिशेबाची फाइल धाकट्या भावाच्या मोबाइलवर पाठवली. चार्जिंग बंद पडलेला मोबाइल चालू असतो तोवरच त्यातली माहिती सहज काढता येते; एकदा तो पूर्ण बंद झाला की दुरुस्ती होईपर्यंत ती आत अडकून पडते.

त्यानंतर तपासणी सुरू केली. त्याच प्लगवर टेबललॅम्प लावून वीज येत असल्याची खात्री केली, मोबाइल बंद करून पुन्हा सुरू केला, शेवटी भावाचा मोबाइल माझ्याच चार्जरला आणि माझ्याच केबलला जोडून पाहिला. त्याचा मोबाइल लगेच चार्ज होऊ लागला. म्हणजे भिंत, चार्जर आणि केबल या तिन्ही गोष्टी निर्दोष होत्या आणि बिघाड माझ्या मोबाइलमध्येच होता. आईने मोबाइल तांदळाच्या डब्यात ठेवण्यास सुचवले. तिच्या सांगण्यामागची काळजी मला कळत होती, पण मोबाइल भिजलेला नव्हता. आणि भिजलेला असता तरी तांदळाचे बारीक कण आत जाऊन त्रास वाढवतात, असे मोबाइल बनवणाऱ्या कंपन्याच सांगतात. मी तिला तसे समजावून सांगितले.

दुसऱ्या दिवशी सकाळी घराजवळच्या एका दुकानात गेलो. दुकानदाराने केबल लावून पाहिली आणि मोबाइल न उघडताच सांगितले, "बॅटरी गेलीया. अठराशे रुपये पडतील." मला हे पटले नाही. आदल्या दिवसापर्यंत तीच बॅटरी पहाटेपासून रात्रीपर्यंत पुरत होती. शिवाय खराब झालेली बॅटरी साधारणपणे चार्ज घेते पण टिकवत नाही, किंवा फुगून मागचे झाकण उचलते. माझ्याकडे चार्जिंगचे चिन्हच उमटत नव्हते, आणि मागचे झाकण तर अगदी सपाट होते. माझी शंका बॅटरीकडे नव्हे, तर वीज जिथून आत शिरते त्या तोंडाकडे गेली. मी मोबाइल परत घेऊन आलो.

घरी येऊन भावाचा मोबाइल आणि माझा मोबाइल शेजारी शेजारी ठेवले आणि एकच केबल दोन्हींत लावून पाहिली. भावाच्या मोबाइलमध्ये केबलचे टोक 'कट' असा बारीक आवाज करून पूर्ण आत बसत होते. माझ्या मोबाइलमध्ये तो आवाज येत नव्हता आणि टोकाच्या धातूची जवळपास एक मिलिमीटरची पट्टी बाहेर दिसत राहत होती. वरून पाहिले तर खाच स्वच्छ, काळीभोर दिसायची. टॉर्चचा उजेड तिरपा पाडून पाहिल्यावर लक्षात आले की जो तळ मी काळा समजत होतो, तो प्रत्यक्षात तपकिरी होता.

मोबाइल पूर्ण बंद केला. लाकडी टूथपिक ब्लेडने तासून चपटी केली. सुई किंवा पिन मी मुद्दामच हाती घेतली नाही, कारण त्या खाचेच्या मधोमध एक पातळ जीभ असते, तिच्या दोन्ही बाजूंना विजेचे संपर्क बसवलेले असतात आणि धातूच्या टोकाने ते वाकू शकतात किंवा एकमेकांना जोडले जाऊ शकतात. भिंतीच्या कडेने टूथपिक हळूहळू फिरवत राहिलो. पंधरा-वीस मिनिटांत जे बाहेर आले ते पाहून मी थक्क झालो : खिशातल्या कापडाचा भुगा आणि चिपाडाचे केसासारखे तंतू एकमेकांत दाबून तयार झालेली, नमद्यासारखी घट्ट चकती. बोटांत धरली तर ती किंचित चिकट लागत होती आणि नाकाजवळ नेली तर तिला काकवीचा वास होता. सदऱ्याच्या खिशात मोबाइल तोंड वर करून ठेवण्याची माझी सवय, काहिलीवरची वाफ, आणि वाळलेले चिपाड हलवताना उडणारा भुसा. केबल प्रत्येक वेळी आत ढकलताना मीच तो थर ठोकून ठोकून बसवला होता.

आता केबल 'कट' करून बसली आणि चार्जिंग सुरू झाले. परंतु रात्री पुन्हा लावली तेव्हा काहीच झाले नाही. केबल काढून उलटी करून लावली तर चार्जिंग सुरू! पुन्हा सुलटी केली तर बंद. घरातली जुनी केबल, जिचे एक टोक रुंद आणि चौकोनी असते, ती मात्र दोन्ही बाजूंनी चालत होती, पण फारच सावकाश. कोणत्याही बाजूने लावता येण्यासाठीच बनवलेली केबल एका बाजूने चालावी आणि दुसऱ्या बाजूने नाही, हे कोडे मला सुटेना.

ते राजारामपुरीतील एका दुरुस्ती करणाऱ्या तरुणाने सोडवले, आणि त्याने मला समजावून सांगण्यासाठी दिलेला वेळ मी विसरणार नाही. माझ्या मोबाइलच्या, म्हणजे टाइप-सी प्रकारच्या, खाचेत २४ संपर्क असतात, १२ वर आणि १२ खाली. त्यांतला प्रत्येक बाजूचा एक संपर्क निव्वळ ओळख पटवण्यासाठी असतो. दोन्ही टोके टाइप-सी असलेल्या केबलमध्ये ही ओळखीची तार एकच असते. केबल सुलटी लावली की ती एका बाजूच्या संपर्काला भिडते आणि उलटी लावली की दुसऱ्या. समोर मोबाइल आहे अशी ओळख पटल्याखेरीज टाइप-सी चार्जर वीज सोडतच नाही. माझ्या मोबाइलमधला या दोहोंपैकी एक संपर्क निकामी झाला होता. चौकोनी टोकाच्या चार्जरवर मात्र ५ व्होल्ट कायमच हजर असतात, म्हणून जुनी केबल दोन्ही बाजूंनी चालत होती. त्याने मध्ये एक छोटे मीटर जोडले. जुन्या केबलवर ५ व्होल्ट आणि अर्ध्या अँपिअरहून कमी प्रवाह दिसला. टाइप-सी केबल चालणाऱ्या बाजूने लावताच आकडा ९ व्होल्टवर गेला.

मग त्याने मला भिंगातून खाच पाहायला सांगितले. सोनेरी संपर्कांच्या रांगेत एकावर हिरवट बुरशीसारखा डाग होता. "दादा, ह्यो गंज हाय. गोडाचं पाणी गेलंय आत," तो म्हणाला. गुळाला पाणी सुटणे म्हणजे काय, हे आम्हा गुऱ्हाळवाल्यांना कोणी शिकवावे लागत नाही. खाचेत बसलेल्या गुळाच्या अंशाने हवेतला ओलावा ओढून धरला होता, आणि त्या ओलाव्यातून रोज वीज जात राहिल्याने धातू खाल्ला गेला होता. एकाच बाजूने चार्ज करून भागवावे का, असे मी विचारले, तेव्हा त्याने स्पष्ट नकार दिला. डाग तसाच ठेवला तर तो शेजारच्या संपर्कांवर पसरतो, असे त्याचे म्हणणे होते.

त्याने मागचे झाकण उघडून आधी बॅटरीची जोडणी सोडवली आणि मगच आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये बुडवलेल्या मऊ ब्रशने खाच तीन वेळा साफ केली, प्रत्येक वेळी वाळू देऊन. डाग निघाला नसता तर चार्जिंगचा छोटा बोर्ड बदलावा लागला असता. तो निघाला. केबल सुलटी लावली, उलटी लावली. मीटरवर दोन्ही वेळा ९ व्होल्ट आले. त्याने २०० रुपये घेतले. बॅटरीचे विचारले तर म्हणाला, "ती चांगली हाय की. अजून दोन वरसं काढंल."

त्याच संध्याकाळी गुऱ्हाळावर गेलो आणि हिशेबाच्या खोलीत, चुलवाणाच्या धगीपासून दूरच्या भिंतीवर झाकणाचा एक डबा टांगला. काहिलीजवळ जायचे असले की मोबाइल आता त्या डब्यात ठेवतो. चार्जिंगच्या तोंडाला रबराचे छोटे बूच बसवले आहे आणि दर रविवारी टॉर्च तिरपा धरून खाचेचा तळ पाहतो. भावाला पाठवलेली फाइल परत घेतली, थांबलेल्या तीन शेतकऱ्यांचे हिशेब पूर्ण केले आणि काहिलीतल्या रसाचे दुसरे आधण उतरायच्या आत त्यांचे पैसे त्यांच्या खात्यावर पाठवले.