गोराईच्या वाळूत अगस्त्य शोधताना

‘मुंबईत कसले आलेत तारे? बघायचेत तर कर्जतकडे जा,’ असं घरी ऐकवून झालं होतं. तरी फेब्रुवारीतली अमावास्या गाठून भाच्याला घेऊन गोराईला गेलोच. माझं काम एकाच ताऱ्याशी होतं, अगस्त्याशी.

आधीच्या रविवारी वरळीच्या नेहरू तारांगणात एक खेळ बघून आलो होतो. हे तारांगण 1977 पासूनचं. पहिल्यांदाच जाणार असाल तर हा क्रम ठेवा, म्हणजे नावं कानावर पडलेली असतात. सोमवारी मात्र जाऊ नका, बंद असतं.

बोरिवली पश्चिमेहून बसने जेट्टी, बोटीने खाडी ओलांडायची, पुढे रिक्षा. परतीची शेवटची बोट किती वाजता, हे जातानाच विचारून घ्या. आम्ही विचारलं नाही.

पोचलो तेव्हा ओहोटी होती. ओली, घट्ट वाळू बघून तिथेच चटई पसरली. टोपली घेऊन चाललेल्या एक मावशी थांबल्या. ‘आज अवस ना? वर सरका. तिथीची पाऊणपट करा, भरतीची वेळ कळते.’ पंधरावी तिथी, म्हणजे सव्वाअकरा. अंधारासाठी निवडलेली रात्र नेमकी उधाणाची असते, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. ‘बघू नंतर,’ म्हटलं. साडेनऊला चटईचं एक टोक आणि भाच्याचा डावा बूट, दोन्ही भिजले.

पावणेआठनंतर खरा काळोख. पूर्वेला टॉवरांचा पिवळट उजेड होताच, पण त्याचा एक फायदा झाला. बारीकसारीक तारे त्यात विरून जातात आणि आकृत्यांपुरते ठळक तेवढे उरतात. गावाकडच्या गच्च आकाशात मला मृग शोधायला वेळ लागतो, इथे मान वर केली की समोर! ओळीतले तीन तारे म्हणजे मृगाच्या पोटातला बाण. ती रेघ एकीकडे वाढवली की व्याध, दुसरीकडे रोहिणी आणि त्याच्या पुढे कृत्तिकांचा पुंजका. भाच्याला कृत्तिका पाच मोजता आल्या, मला चष्म्यासकट चार. मृगातल्याच दोन ठळक ताऱ्यांचे, काक्षीचा तांबूस आणि राजन्यचा निळसर, रंग नुसत्या डोळ्यांनी वेगळे कळले. जागा बदलणारा दिसला तर विमान समजा.

खगोलशास्त्राने अख्खं आकाश 88 तारकासमूहांत वाटून टाकलंय, पण नवख्या माणसाला पहिल्या रात्री पाच-सहा पुरेत.

सव्वानऊच्या सुमारास अगस्त्य बरोबर दक्षिणेला आला. व्याधाखालोखाल सर्वांत तेजस्वी तारा, तरी इतका खाली की मला आधी तो कुणाच्या गच्चीवरचा दिवाच वाटला. हात लांब करून मूठ धरली की साधारण 10 अंश होतात. क्षितिजापासून मुठी मोजल्या, दोनला जरा कमी. मग उत्तरेकडे तोंड केलं. सप्तर्षींच्या शेपटाचं टोक अजून क्षितिजालगतच होतं, पण त्यांतले पुढचे दोन तारे, क्रतू-पुलह, वर आले होते. त्यांच्या रेषेत ध्रुव. तोही दोन मुठींना जरा कमी! मुंबई 19 अक्षांशावर, म्हणून ध्रुव 19 अंशांवर आणि अगस्त्य फार तर 18. पुस्तकातला आकडा स्वतःच्या मुठीने निघाला, यासाठी बूट भिजला तरी चालेल. (बूट माझा नव्हता.)

भाच्याने विचारलं, ‘मामा, याचा उपयोग काय?’ त्याला मरिनर 4 ची गोष्ट सांगितली. 1964 मध्ये मंगळाकडे निघालेलं हे यान अंतराळात आपली दिशा सूर्य आणि अगस्त्य यांच्यावरून धरायचं. अगस्त्य ठळक आणि सूर्याच्या वाटेपासून लांब, म्हणून त्याची निवड. पण सुरुवातीला यानाच्या सेन्सरने भलतेच तारे पकडले. ‘म्हणजे तुझ्यासारखंच,’ भाचा म्हणाला.

सोबत घ्यायचं ते थोडंच. टॉर्चला लाल जिलेटिनचा कागद बांधा आणि मोबाइल खिशात ठेवा. डोळ्यांना अंधाराची सवय व्हायला अर्धा तास लागतो आणि एका मेसेजने तो वाया जातो. डासांचं मलम विसरू नका. चटई भरतीच्या रेषेच्या वर, सुकलेल्या कचऱ्याची ओळ दिसते तिच्याही मागे.

बोट अर्थातच गेली होती. उत्तन-भाईंदरवरून वळसा घालून घरी पोचायला एक वाजला, रिक्षावाल्याने मागितले तेवढे पैसे दिले.