डर्बनबाहेर नांगरलेले ते जहाज

१८ एप्रिल २००८, शुक्रवार. आमचे मालवाहू जहाज दक्षिण आफ्रिकेतल्या डर्बन बंदराच्या बाहेर नांगर टाकून धक्का मिळण्याची वाट पाहत होते आणि चीफ ऑफिसर म्हणून दुपारचा वॉच माझ्याकडे होता. याच नांगरवाड्यात 'आन युए जिआंग' हे चिनी जहाज उभे होते. एरवी त्याच्याकडे कोणी वळूनही पाहिले नसते. मात्र दोन दिवसांपासून रेडिओवर त्याचेच नाव येत होते.

त्याच्या पोटात झिंबाब्वेच्या संरक्षण खात्यासाठी ७७ टन शस्त्रसामग्री होती: रायफलींची सुमारे तीस लाख काडतुसे, दीड हजार रॉकेटे, शिवाय उखळी तोफांचे गोळे. २९ मार्चच्या मतदानानंतर तिथल्या अध्यक्षपदाचा निकाल दाबून ठेवला गेला होता आणि विरोधकांना मारहाण चालू होती. हे सारे बाहेर आले ते मालाची कागदपत्रे कोणीतरी 'नोजवीक' या दक्षिण आफ्रिकी मासिकाच्या संपादकांच्या हाती दिली म्हणून. तो मनुष्य कोण होता हे मला ठाऊक नाही, पण असे कागद रोज माझ्या हातांखालून जात असल्याने त्याने काय पणाला लावले असेल याची मला पुरती कल्पना आहे. दोन वर्षांपूर्वी मी स्वतः स्फोटक वर्गातल्या पेट्या चढवून घेतल्या होत्या. त्या कुठे ठेवायच्या आणि कशापासून दूर ठेवायच्या एवढेच मी पाहिले, त्या कोणासाठी आहेत हा रकाना वाचूनही मनावर घेतला नाही.

झिंबाब्वेला समुद्र नाही. त्यामुळे तो माल कोणा दुसऱ्याच्या गोदीत उतरवून दुसऱ्याच्याच रस्त्याने न्यावा लागणार होता, आणि दक्षिण आफ्रिकेच्या सरकारने त्यासाठी परवानाही दिला होता. नेमक्या याच जागी वाहतूक कामगारांची संघटना 'सटावू' आडवी आली. आमचे लोक हा माल उतरवणार नाहीत आणि ट्रकचालक तो नेणारही नाहीत, असे तिचे नेते रँडल हॉवर्ड यांनी जाहीर केले. क्वाझुलू-नाताळचे अँग्लिकन बिशप रुबिन फिलिप वकिलांना घेऊन डर्बनच्या उच्च न्यायालयात गेले आणि त्याच दिवशी न्यायालयाने त्या वाहतुकीला स्थगिती दिली. संध्याकाळी, आदेश जहाजावर बजावला जाण्याआधीच, त्याने नांगर उचलला. रडारवरचा तो ठिपका किनाऱ्यापासून दूर सरकताना मी वॉच संपल्यावरही ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवण्याच्या कक्षात, उभा राहून पाहत होतो.

त्यानंतर आफ्रिकेच्या दक्षिण भागातल्या देशांची संघटना 'सादक' हिचे तेव्हाचे अध्यक्ष, झांबियाचे लेव्ही म्वानावासा यांनी शेजारी देशांना ते जहाज बंदरात न घेण्याचे आवाहन केले. पुढे लुआंडात अंगोलाने फक्त आपल्या देशाचा माल उतरवू दिला.

काही दिवसांनी आम्हाला धक्का मिळाला. गोदी कामगारांची टोळी वर आली तेव्हा मुकादमाने होल्ड उघडण्याआधी मला विचारले, की आत काय आहे आणि ते कोणाकडे जाणार आहे. माझ्या अकरा वर्षांच्या नोकरीत कोणत्याही बंदरात कोणा कामगाराने मला असे विचारले नव्हते. तांदूळ आणि पोलादी नळ्या, असे सांगून मी मॅनिफेस्टचे, म्हणजे मालाच्या यादीचे, एकेक पान त्याच्यापुढे उलटले, आणि शेवटचे पान वाचून होईपर्यंत तो घाईने हलला नाही.